स्टीव्ह ब्लूमर: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

स्टीव्ह ब्लूमर कोण होता?

व्यावसायिक फुटबॉलच्या पहिल्या पिढ्यांमधला इंग्लंडचा सर्वांत मोठा गोल करणारा खेळाडू. 1892 ते 1914 अशी बावीस वर्षं तो खेळला. मधली साडेचार वर्षं मिडल्सब्रो क्लबकडे, बाकी सगळी डर्बी काउंटी क्लबकडे. डर्बीसाठी 525 सामन्यांत 332 गोल, इंग्लंडसाठी 23 सामन्यांत 28 गोल आणि इंग्लिश लीगमध्ये एकूण 352 गोल. सर्वोच्च विभागातल्या गोलांच्या यादीत आजही त्याच्या पुढे फक्त जिमी ग्रीव्हज आहे.

आकड्यांवरून तो कळतो, पण पुरता नाही. पोटापाण्यासाठी भट्टीवर घण मारणारा एक पोरगा, ज्याच्याकडे विकण्यासारखी एकच गोष्ट होती, ती म्हणजे त्याचा पाय. तो पाय त्याने आयुष्यभर मजुरीवर दिला. त्यातून गावाला नाव मिळालं आणि क्लबला गर्दी मिळाली. त्याच्या स्वतःच्या वाट्याला काय आलं, ते पुढच्या उत्तरांत येईलच.

जन्म आणि बालपण कुठलं?

जन्म 20 जानेवारी 1874, क्रॅडली, वूस्टरशायर. हा सगळा पट्टा लोखंडाचा: साखळ्या, खिळे, भट्ट्या. वडील केलेब लोखंडाच्याच कामात होते. स्टीव्ह लहान असतानाच कुटुंब कामाच्या शोधात डर्बीला आलं. डर्बी तेव्हा रेल्वेच्या कारखान्यांमुळे झपाट्याने वाढत होतं. शाळा संपल्यावर स्टीव्हही लोहारकामाला लागला. दिवसभर काम आणि उरलेल्या वेळात गल्लीत, मैदानात, मिळेल तिथे चेंडू, असा त्याचा दिनक्रम होता.

तो व्यावसायिक खेळाडू कधी झाला? तेव्हा पैसे घेऊन खेळणं रीतसर होतं का?

होतं, पण नुकतंच झालं होतं. इंग्लंडच्या फुटबॉल असोसिएशनने जुलै 1885 मध्ये व्यावसायिक खेळाडूंना मान्यता दिली. त्याआधी लँकेशायरचे क्लब स्कॉटलंडहून खेळाडू आणत, त्यांना गिरणीत नाममात्र नोकरी देत आणि मागच्या दाराने पैसे देत. लंडनच्या उच्चभ्रू हौशी संघांना हे पटत नव्हतं. खेळाचे पैसे घेणं त्यांना हलकं वाटे. ज्याच्या घरी जमीनजुमला आहे त्याला असं वाटणं सोपं असतं. शनिवारचा अर्धा दिवस बुडवला की ज्याची मजुरी कापली जाते, त्याच्यासाठी मात्र खेळाचे पैसे म्हणजे त्या बुडालेल्या मजुरीची भरपाई होती. ही बाजू मला अगदी न्याय्य वाटते, आणि ब्लूमरची गोष्ट याच बाजूची आहे.

1888 मध्ये बारा क्लबांनी मिळून फुटबॉल लीग सुरू केली. डर्बी काउंटी त्या बारांपैकी एक. चार वर्षांनी, 1892 मध्ये, अठरा वर्षांचा ब्लूमर या क्लबात आला. सुरुवातीचा पगार आठवड्याला साडेसात शिलिंग. एका पौंडाला वीस शिलिंग होत असत, त्यामुळे एवढ्यावर घर चालणं शक्य नव्हतं. कारखान्यातलं काम त्यामुळे लगेच सुटलं नाही. 3 सप्टेंबर 1892 ला स्टोकविरुद्ध तो पहिला सामना खेळला आणि डर्बीने तो 3-1 असा जिंकला.

त्याला कोणी घडवलं?

जॉन गुडॉलने. गुडॉल हा प्रेस्टन नॉर्थ एंडच्या त्या संघातला, ज्याने लीगच्या पहिल्याच हंगामात एकही सामना न हरता विजेतेपद मिळवलं आणि त्याच वर्षी एफए (फुटबॉल असोसिएशन) चषकही जिंकला. 1889 मध्ये तो डर्बीला आला. स्वभावाने इतका सज्जन की लोक त्याच्या नावाची उलटापालट करून त्याला ‘जॉनी ऑलगुड’ म्हणत. ब्लूमरमधली धार त्याने ओळखली. चेंडू आल्या आल्या पुढे कुठे पाठवायचा याचा विचार आधीच झालेला असला पाहिजे, हे प्रेस्टनचं शास्त्र त्याने या पोराला शिकवलं. मोठा खेळाडू म्हणून गुडॉलचं नाव इतिहासात आहेच. पण गुरू म्हणूनही त्याचं नाव मोठ्या अक्षरांत लिहायला हवं, असं मला वाटतं.

ब्लूमरचा खेळ दिसायला कसा होता?

जागा इनसाइड राइट, म्हणजे मधल्या आघाडीवीराच्या उजव्या हाताला. अंगाने शिडशिडीत आणि चेहरा इतका फिका की ‘पेलफेस’ हे टोपणनाव त्याला कायमचं चिकटलं. पाहताना खेळाडू वाटणार नाही, असा.

त्याची खासियत म्हणजे फटका मारायला तो वेळ घेत नसे. चेंडू थांबवायचा, सावरायचा, पाय मागे न्यायचा आणि मग मारायचा, एवढ्यात बचावपटू अंगावर आलेले असत. ब्लूमर चेंडू येईल तसा मारत असे, दोन्ही पायांनी, आणि फटका बहुतेक वेळा जमिनीलगत असे. खाली सरपटत जाणाऱ्या वेगवान चेंडूसाठी गोलरक्षकाला खाली झोकून द्यावं लागतं, आणि तेवढ्यात चेंडू जाळ्यात. बचावपटूंच्या मधून चिरत जाणारा लांब पासही त्याचाच. तो फक्त गोल करणारा होता असं मानणं म्हणजे त्याचा अर्धाच खेळ पाहणं.

आजच्या तुलनेत तेव्हा गोल करणं सोपं होतं का?

हा प्रश्न फार जण विचारतात, आणि बहुतेकांनी उत्तर आधीच ठरवलेलं असतं: “तेव्हा बचाव म्हणजे काय, हे कोणाला माहीत होतं!” नियम पाहिले तर चित्र वेगळं दिसतं.

1925 पर्यंत ऑफसाइडचा नियम आजच्यापेक्षा कडक होता. पास दिला जाताना आघाडीच्या खेळाडूच्या पुढे प्रतिस्पर्ध्यांचे किमान तीन खेळाडू असावे लागत. आज दोन पुरतात. म्हणजे एक चलाख बचावपटू पुढे सरकला की आघाडीचा माणूस अडकला. 1925 मध्ये नियम सैल केल्यावर लीगमधल्या गोलांची संख्या एकदम उसळली आणि डिक्सी डीनसारखे विक्रमवीर पुढे आले. ब्लूमरचे सगळे गोल जुन्या, कडक नियमाखालचे आहेत. त्यात 1912 पर्यंत गोलरक्षकाला स्वतःच्या अर्ध्या मैदानात कुठेही चेंडू हाताळता येत होता. चेंडू चामड्याचा, वरून नाडीने बांधलेला. पावसात भिजला की तो दगडासारखा जड होई. बूट घोट्याच्या वरपर्यंत. जखमी झालात तर बदली खेळाडू ही सोयच नव्हती.

दुसरी बाजूही सांगायला हवी. तेव्हा संघ गोल वाचवण्यापेक्षा गोल करायलाच उतरत. पाच जण आघाडीला असत. शारीरिक तयारीचं शास्त्र बाल्यावस्थेत होतं आणि संघासंघांतलं अंतर मोठं होतं. हे सगळं धरूनही एक गोष्ट उरते: त्याच नियमांत, त्याच चेंडूने, तेच बूट घालून शेकडो जण खेळत होते, आणि ब्लूमरएवढे गोल त्यांच्यातल्या कोणीही केले नाहीत. पाच हंगामांत तो पहिल्या, म्हणजे सर्वोच्च विभागात सर्वाधिक गोल करणारा ठरला: 1895-96, 1896-97, 1898-99, 1900-01 आणि 1903-04. यातल्या पहिल्या वेळी ॲस्टन व्हिलाचा जॉनी कॅम्पबेल त्याच्या बरोबरीला होता. जानेवारी 1899 मध्ये शेफील्ड वेन्सडेविरुद्ध डर्बीने नऊ गोल केले, त्यातले सहा एकट्या ब्लूमरचे.

इंग्लंडकडून 23 सामन्यांत 28 गोल, हे खरं आहे का?

खरं आहे. पहिला सामना 9 मार्च 1895 ला आयर्लंडविरुद्ध, तोही डर्बीतच. इंग्लंडने 9-0 असा जिंकलेल्या त्या सामन्यात ब्लूमरचे दोन गोल होते. पहिल्या दहा आंतरराष्ट्रीय सामन्यांपैकी प्रत्येकात त्याने गोल केला आणि दहा सामन्यांअखेर त्याच्या नावावर 19 गोल झाले. 1896 मध्ये कार्डिफला वेल्सविरुद्ध पाच, 1901 मध्ये न्यूकॅसलला पुन्हा वेल्सविरुद्ध चार. शेवटचा सामना 1907 मध्ये स्कॉटलंडविरुद्ध. तो 1-1 असा बरोबरीत सुटला आणि इंग्लंडचा गोल ब्लूमरचा होता.

इंग्लंड तेव्हा वर्षाला फक्त तीन सामने खेळे: स्कॉटलंड, वेल्स आणि आयर्लंड. युरोपातल्या इतर देशांविरुद्धचे सामने सुरू झाले तोवर त्याची आंतरराष्ट्रीय कारकीर्द संपली होती. आयर्लंड आणि वेल्स तेव्हा दुबळे होते, हे मान्य. स्कॉटलंड मात्र मुळीच दुबळा नव्हता, पासिंगचा खेळ तर त्यांचाच. त्या स्कॉटलंडविरुद्ध ब्लूमरचे आठ गोल आहेत. 1904 मध्ये ग्लासगोला इंग्लंडने 1-0 असा विजय मिळवला, तोही त्याच्याच गोलवर. मला विचाराल तर वेल्सविरुद्धच्या पाच गोलांपेक्षा हा एक गोल मोठा.

एप्रिल 1902 मध्ये ग्लासगोच्या आयब्रॉक्स मैदानावर इंग्लंड-स्कॉटलंड सामना चालू असताना लाकडी सज्जाचा भाग कोसळून 25 प्रेक्षक मरण पावले. त्या दिवशी ब्लूमर मैदानात होता. गर्दी आणखी बिथरू नये म्हणून सामना थोड्या वेळाने पुढे चालू ठेवला गेला, पण नंतर तो अधिकृत नोंदीतून रद्द झाला.

इंग्लंडच्या संघात हौशी आणि व्यावसायिक एकत्र खेळत, तेव्हा भेदभाव होता का?

होता. विद्यापीठांतून आलेले हौशी खेळाडू ‘साहेब’ वर्गातले, तर ब्लूमरसारखे पैसे घेणारे कामगार वर्गातले. कर्णधारपद साधारणपणे हौशी खेळाडूकडे जाई. ऑक्सफर्डचा जी. ओ. स्मिथ हा मधला आघाडीवीर आणि त्याच्या शेजारी लोहारकाम केलेला ब्लूमर, अशी ती जोडी होती. मैदानावर दोघांचं उत्तम जमायचं. मैदानाबाहेरची दरी मात्र तशीच राहिली.

डर्बीने त्याच्या काळात काय जिंकलं?

पहिल्या विभागात एकही विजेतेपद नाही, एफए चषकही नाही. हे लिहिताना आजही वाईट वाटतं.

1895-96 मध्ये डर्बी लीगमध्ये दुसरा आला. 1898 च्या एफए चषकाच्या अंतिम सामन्यात समोर शेजारचा नॉटिंगहॅम फॉरेस्ट होता. पाचच दिवस आधी लीगच्या सामन्यात डर्बीने त्यांना 5-0 असं धुतलं होतं. 16 एप्रिलला क्रिस्टल पॅलेसवर 62 हजारांच्या गर्दीसमोर मात्र फॉरेस्ट 3-1 ने जिंकला. डर्बीचा एकमेव गोल ब्लूमरचा. पुढच्याच वर्षी पुन्हा अंतिम सामना, या वेळी शेफील्ड युनायटेडविरुद्ध. मध्यंतराला डर्बी एका गोलने पुढे, सामना संपला तेव्हा 4-1 ने पराभूत. 1903 मध्ये तिसऱ्यांदा अंतिम फेरी. दुखापतीमुळे ब्लूमर खेळू शकला नाही आणि बरी या क्लबने डर्बीचा 6-0 असा धुव्वा उडवला. अंतिम सामन्यातला एवढ्या फरकाचा विजय पुन्हा दिसायला 2019 उजाडलं. त्या वर्षी मँचेस्टर सिटीने वॉटफर्डला तितक्याच गोलांनी हरवलं.

डर्बीच्या मैदानाला ‘बेसबॉल ग्राउंड’ का म्हणत?

कारण तिथे खरोखरच बेसबॉल खेळत. डर्बीतला ओतकाम कारखान्याचा मालक फ्रान्सिस ले अमेरिकेत जाऊन आला आणि बेसबॉलच्या प्रेमात पडला. कामगारांसाठी त्याने कारखान्याशेजारी मैदान तयार केलं. 1895 मध्ये डर्बी काउंटी रेसकोर्सवरचं जुनं मैदान सोडून तिथे राहायला गेला. संडरलंडविरुद्धच्या तिथल्या पहिल्या सामन्यात डर्बीने 2-1 असा विजय मिळवला आणि दोन्ही गोल ब्लूमरचे. उन्हाळ्यात तोच ब्लूमर त्याच मैदानावर बेसबॉल खेळायचा. डर्बीच्या बेसबॉल संघाने 1895, 1897 आणि 1899 मध्ये ब्रिटनचं विजेतेपद मिळवलं. फुटबॉलमध्ये हुलकावणी देणारं विजेतेपद त्याला चेंडूफळीच्या या परदेशी भावंडाने दिलं.

मैदान तयार करताना तिथल्या भटक्या जिप्सी कुटुंबांना हुसकावलं, त्यांच्या शापामुळे डर्बी चषक जिंकत नाही, अशी दंतकथा होती. 1946 च्या अंतिम सामन्याआधी कर्णधार जॅक निकोलस जिप्सींकडे शाप उतरवायला गेला होता, असं सांगतात. त्या वर्षी डर्बीने चार्लटनला 4-1 ने हरवून चषक जिंकला. ब्लूमर तोवर या जगात नव्हता.

एवढा मोठा खेळाडू डर्बीने विकला कसा?

पैशांसाठी. मार्च 1906 मध्ये 750 पौंडांच्या आसपास रक्कम घेऊन डर्बीने त्याला मिडल्सब्रोला दिलं. याच मिडल्सब्रोने वर्षभर आधी आल्फ कॉमनसाठी 1000 पौंड मोजून सगळीकडे खळबळ उडवली होती. ब्लूमर आणि कॉमन मग एकत्र खेळले. मिडल्सब्रोकडून लीगमध्ये ब्लूमरचे 59 गोल झाले. इकडे डर्बीचं काय झालं? पुढच्याच हंगामात क्लब दुसऱ्या विभागात घसरला.

त्या 750 पौंडांतलं खेळाडूला काय मिळालं, हेही पाहायला हवं. तेव्हाच्या पद्धतीनुसार खेळाडूची नोंदणी क्लबच्या ताब्यात असे. करार संपला तरी क्लबच्या परवानगीशिवाय दुसरीकडे जाता येत नसे. बदलीची रक्कम क्लब घेई. शिवाय 1901 पासून आठवड्याला चार पौंडांहून जास्त पगार देण्यावर बंदी आली. दहा हजार माणसं ज्याच्यासाठी तिकीट काढतात तोही चार पौंडांचा आणि ज्याला कोणी ओळखत नाही तोही चार पौंडांचा. पगारावरची कमाल मर्यादा 1961 पर्यंत टिकली. बुटांच्या आणि टॉनिकच्या जाहिरातींत ब्लूमरचं नाव वापरलं गेलं, त्यातून थोडीफार कमाई झाली असेल. श्रीमंत मात्र तो कधीच झाला नाही.

तो डर्बीला परत आला का?

आला. 1910 मध्ये, वयाच्या छत्तिसाव्या वर्षी. परतल्यावरच्या पहिल्या सामन्यात लिंकन सिटीविरुद्ध दोन गोल केले. 1911-12 मध्ये त्याच्या नेतृत्वाखाली डर्बीने दुसऱ्या विभागाचं विजेतेपद मिळवून पहिल्या विभागात पुनरागमन केलं. चाळिशी पूर्ण केल्यावर जानेवारी 1914 मध्ये त्याने शेवटचा सामना खेळला.

पहिल्या महायुद्धात तो जर्मनीत कैदेत होता, ही गोष्ट खरी का?

पूर्ण खरी, आणि त्याच्या आयुष्यातला हा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो.

खेळणं थांबलं की व्यावसायिक खेळाडूला उत्पन्न नाही. म्हणून जुलै 1914 मध्ये बर्लिनच्या ब्रिटानिया क्लबचा प्रशिक्षक म्हणून ब्लूमर जर्मनीला गेला. जेमतेम तीन आठवड्यांत युद्ध पेटलं. नोव्हेंबरमध्ये जर्मनीतल्या ब्रिटिश पुरुषांना पकडून बर्लिनजवळच्या रूहलेबेन इथल्या घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर डांबण्यात आलं. चार हजारांहून अधिक माणसं, आणि राहायला तबेले. घोड्याच्या एकेका खणात सहा-सहा जण. थंडी, चिखल, अपुरं अन्न.

त्या कैद्यांत खलाशी होते, व्यापारी होते, विद्यार्थी होते. पुढे न्यूट्रॉनचा शोध लावणारा जेम्स चॅडविकही होता. आणि योगायोगाने फुटबॉलपटू भरपूर: इंग्लंडकडून खेळलेले फ्रेड पेंटलंड आणि सॅम वोल्स्टनहोम, स्कॉटलंडचा जॉन कॅमेरॉन, एव्हर्टनकडून खेळलेला जॉन ब्रेअर्ली. सुरुवातीला जर्मनांनी खेळायला परवानगी दिली नाही. ती मिळाल्यावर कैद्यांनी चक्क रूहलेबेन फुटबॉल असोसिएशन स्थापन केली, बराकीबराकींची लीग भरवली, चषक ठेवला. मोठ्या सामन्यांना हजारभर कैदी कडेला उभे राहत. मे 1915 मध्ये इंग्लंड विरुद्ध उर्वरित जग असा सामनाही झाला. ब्लूमर चाळिशी ओलांडलेला, तरी फुटबॉल खेळत होता. उन्हाळ्यात क्रिकेटही.

तो आत असताना डर्बीत त्याच्या एका मुलीचं निधन झालं. त्याला घरी जाता आलं नाही. 1918 च्या मार्चमध्ये त्याला छावणीतून सोडून तटस्थ हॉलंडला जाऊ दिलं. तिथेही त्याने अ‍ॅमस्टरडॅमच्या ब्लाउ-विट क्लबला शिकवलं. त्या छावणीत फुटबॉल नसता तर आपल्यातले अनेक जण टिकले नसते, असं तो नंतर सांगत असे.

प्रशिक्षक म्हणून त्याने काही मिळवलं का?

हो, आणि तेही स्पेनमध्ये. 1923 मध्ये तो फ्रान्सच्या सीमेवरच्या इरून गावातल्या रियाल उनिऑन क्लबाकडे गेला. 1924 च्या स्पॅनिश राजचषकात या छोट्या गावच्या संघाने उपांत्य फेरीत बार्सिलोनाला आणि अंतिम फेरीत रियाल माद्रिदला 1-0 असं हरवलं. आदल्या वर्षीचा विजेता कोण होता? रूहलेबेनमधलाच त्याचा सोबती पेंटलंड ज्या संघाला शिकवत होता, तो बिल्बाओचा अ‍ॅथलेटिक क्लब. एका तबेल्यातून सुटलेल्या दोन कैद्यांनी उत्तर स्पेनमधल्या बास्क प्रदेशाला लागोपाठ दोन चषक मिळवून दिले. इंग्लंडमध्ये डर्बीला जे जमलं नाही, ते इरूनने ब्लूमरला दिलं.

त्याच काळात आपल्याकडे, म्हणजे मुंबईत, फुटबॉल होता का?

होता, पण मुख्यतः गोऱ्या पलटणींचा. रोव्हर्स चषक 1891 मध्ये मुंबईत सुरू झाला. पहिला विजेता वूस्टरशायर रेजिमेंटचा संघ, म्हणजे ब्लूमरच्याच जन्मजिल्ह्याची पलटण. नागरी भारतीय संघाला हा चषक जिंकायला 1937 पर्यंत थांबावं लागलं. तो संघ बेंगळुरूचा होता.

शेवटची वर्षं कशी गेली?

स्पेनहून परतल्यावर तो डर्बीतच राहिला आणि ज्या मैदानावर त्याने गोलांचा पाऊस पाडला, त्याच बेसबॉल ग्राउंडवर पडेल ते काम करत राहिला. प्रकृती ढासळत गेली. हवापालट व्हावा म्हणून क्लबच्या पुढाकाराने त्याला ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडच्या सागरी सफरीवर पाठवलं. परतल्यावर तीन आठवड्यांत, 16 एप्रिल 1938 ला, तो गेला. फॉरेस्टविरुद्धच्या त्या अंतिम सामन्याला त्या दिवशी बरोबर चाळीस वर्षं झाली होती. डर्बी कॅथेड्रलमधल्या अंत्यसंस्काराला गावाने गर्दी केली.

त्याचे विक्रम कोणी मोडले?

इंग्लंडसाठीच्या गोलांचा विक्रम 1911 मध्ये व्हिव्हियन वुडवर्डने 29 गोलांनी मागे टाकला. तो वुडवर्ड मात्र हौशी होता, वास्तुविशारद होता. लीगमधल्या 352 गोलांचा विक्रम 1936 मध्ये डिक्सी डीनने मोडला, म्हणजे ब्लूमरच्या डोळ्यांदेखत. डर्बीसाठीचे 332 गोल अजून कोणालाही गाठता आलेले नाहीत.

आज त्याची आठवण कुठे पाहायला मिळते?

बेसबॉल ग्राउंड पाडलं गेलं, तिथे आता घरं आहेत. डर्बी काउंटीचं नवं मैदान प्राइड पार्क. तिथे यजमान संघाच्या बाकाशेजारी, मैदानाकडे तोंड केलेला ब्लूमरचा अर्धपुतळा 2009 मध्ये बसवला. प्रत्येक घरच्या सामन्याआधी जे गाणं वाजतं, त्यात ब्लूमर वरून आपला खेळ पाहतो आहे असं प्रेक्षक गातात. इंग्लिश फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये त्याचं नाव 2008 मध्ये आलं. फार उशिरा आलं, पण आलं.